कार्वालोची कात्री आणि बाजूचे दार

मागच्या श्रावणात, पुण्यात शिकायला असलेल्या माझ्या पुतण्याने एका रात्री मोबाईलवर एका गाण्याची चित्रफीत पाठवली आणि खाली लिहिले, "काका, ही बाई शेवटी धोतरा खाऊन मरते बघा. आपला धोतरा." गाणे फ्रेंच होते. दोन स्त्रिया नदीकाठी फुले वेचायला निघाल्या आहेत आणि त्यांचे आवाज वेणीच्या पेडांसारखे एकमेकांत गुंफत जातात, एवढेच त्यात घडते. आमच्या परभणीकडे धोतरा बांधाबांधावर उगवतो. श्रावणी सोमवारी औंढ्याला नागनाथाच्या दर्शनाला निघालेली माणसे त्याची फुले आणि काटेरी फळे महादेवाला वाहायला बरोबर घेतात, आणि लहान पोरांना मात्र त्याला हात लावू देत नाहीत. ती वनस्पती पॅरिसच्या रंगमंचावर कशी पोहोचली, या कुतूहलाने मी त्या रात्री जो शोध सुरू केला, तो संगीतकारापाशी न थांबता भलत्याच माणसापाशी जाऊन पोहोचला.

त्या ऑपेराचे नाव 'लाक्मे'. संगीत लिओ देलिब याचे, पहिला प्रयोग 14 एप्रिल 1883 रोजी पॅरिसच्या ऑपेरा-कोमिक या नाट्यगृहात. कथा इंग्रजांच्या काळातील हिंदुस्थानात घडते. लाक्मे, म्हणजे आपली लक्ष्मी, ही नीलकंठ नावाच्या पुजाऱ्याची मुलगी. तिचे एका इंग्रज अधिकाऱ्यावर प्रेम बसते, तो आपल्या पलटणीकडे परत जाणार हे तिला उमगते आणि ती धोतरा खाऊन जीव देते. नीलकंठ हे हलाहल पचवणाऱ्या शंकराचे नाव, धोतरा त्याच शंकराच्या आवडीचा, आणि मरण मात्र नीलकंठाच्या मुलीला. हा योग आपल्याकडच्या एखाद्या नाटककाराला हेवा वाटावा असा जमला आहे. त्याच नाट्यगृहाने 13 मे 1931 रोजी 'लाक्मे'चा 1000 वा प्रयोग केला.

कोणतेही नाटक पाहिले की ते लिहिले कुणी यापेक्षा उभे कुणी केले हे आधी पाहण्याची खोड मला आहे, कारण गेली 22 वर्षे मी आमच्या हौशी नाट्यसंस्थेचा सूत्रधार आहे. सूत्रधार म्हणजे नांदीनंतर नटीशी बोलणारा नव्हे. नेपथ्याचा टेम्पो ठरवणारा, प्रकाशयोजनेच्या सामानाचे भाडे घासाघीस करून कमी करणारा, तिसरी घंटा द्यायला लावणारा आणि प्रयोग संपल्यावर सगळे जेवायला गेले की बिले घेऊन एकटाच मागे राहणारा. तेव्हा 'लाक्मे' उभी करणारा कोण, हे मी शोधले आणि लेओं कार्वालो हे नाव सापडले. एकोणिसाव्या शतकातील पॅरिसमध्ये नाट्यगृहाचा संचालक हा नुसता पगारी अधिकारी नसे. परवाना त्याच्या नावाने असे, सरकारी अनुदान मिळालेच तर ते त्याच्या हाती येई, गायक तो नेमी, कोणता ऑपेरा घ्यायचा हे तो ठरवी, आणि धंदा बुडाला तर दिवाळखोर म्हणून नावही त्याचेच लागे. कार्वालो याच्या जोडीला प्रयोगही स्वतः बसवत असे. म्हणजे निर्माता, दिग्दर्शक, व्यवस्थापक आणि सूत्रधार अशा चार खुर्च्यांवर तो एकटा बसलेला होता.

त्याचा जन्म 18 जानेवारी 1825 रोजी हिंदी महासागरातील मॉरिशस बेटावर, पोर्ट लुईत झाला. मूळ आडनाव कार्वाय. कार्वालो हे त्याने पुढे धारण केलेले. पॅरिसच्या संगीत विद्यालयात तो गाणे शिकला आणि ऑपेरा-कोमिकमध्ये दुय्यम भूमिका गाऊ लागला. गायक म्हणून त्याची कीर्ती कधीच झाली नाही. तिथेच कारोलिन मिओलां ही त्याच्याहून कितीतरी श्रेष्ठ गायिका त्याला भेटली आणि 1853 मध्ये दोघांचे लग्न झाले. आपल्याकडच्या नाटक कंपन्यांमध्येही बेताच्या गळ्याची माणसे पुढे उत्तम मालक झाल्याचे जुने लोक सांगतात. आपला आवाज कुठपर्यंत पोहोचतो हे कळलेल्या माणसाला दुसऱ्याचा आवाज लवकर ओळखता येत असावा.

1856 च्या फेब्रुवारीत त्याने तेआत्र लिरिक हे नाट्यगृह चालवायला घेतले. पॅरिसमध्ये तेव्हा ऑपेराची दोन मोठी सरकारमान्य घरे होती आणि दोन्हींचे दरवाजे नव्या संगीतकारांना जवळजवळ बंदच होते. जम बसलेल्या पाच-सहा जणांचीच कामे तिथे आलटून पालटून होत. तेआत्र लिरिक हे तिसरे घर, अनुदानाविना धडपडणारे. कार्वालोने तिथे एका बाजूने वेबर, मोझार्ट, ग्लुक अशा जुन्या परक्या थोरांना फ्रेंच भाषेत आणले (ग्लुकच्या 'ऑर्फे'ची फ्रेंच संगीतकार बर्लिओझने सिद्ध केलेली आवृत्ती नोव्हेंबर 1859 मध्ये पोलीन व्हियार्दो या गायिकेने गाजवली) आणि दुसऱ्या बाजूने शार्ल गूनो या अजून पुरेशा न रुजलेल्या फ्रेंच संगीतकारावर पैसे लावले. गूनोचा 'फाउस्ट' लिहून होत आलेला असताना, शहरातल्या दुसऱ्या एका थिएटरात त्याच विषयावरचे भपकेबाज नाटक येत असल्याचे कळताच त्याने 'फाउस्ट' बाजूला ठेवला, गूनोला मोलियर या जुन्या फ्रेंच नाटककाराच्या एका प्रहसनावर ऑपेरा करायला लावला, तो जानेवारी 1858 मध्ये रंगमंचावर आणला, आणि ते दुसरे नाटक येऊन गेल्यावरच 19 मार्च 1859 रोजी 'फाउस्ट' काढला. संगीतकाराच्या दृष्टीने ही छळवणूक. पण एकाच आठवड्यात शहरात दोन संस्थांची एकाच विषयाची नाटके लागली की बुकिंगच्या खिडकीवर काय होते हे ज्याने पाहिले आहे, तो कार्वालोला दोष देणार नाही.

'फाउस्ट'मधील मार्गेरितची भूमिका त्याच्या बायकोने केली. गूनोच्या 'मिरेय' (1864) आणि 'रोमेओ आणि ज्युलिएट' (27 एप्रिल 1867) या ऑपेरांच्या नायिकाही तिनेच पहिल्यांदा गायल्या. घरचीच नायिका म्हटल्यावर बाहेर कुजबुज होणारच, आणि ती निराधार नव्हती. आपल्या गळ्याला शोभतील अशा झळाळत्या ताना बाई मागून घेत असत, आणि 'मिरेय'चा पाच अंकांचा करुण शेवट पडल्यावर तोच ऑपेरा त्याच वर्षाच्या डिसेंबरात तीन अंकांचा आणि सुखान्त होऊन परत आला. तरीही त्या तिन्ही भूमिका आज जगभरच्या गायिका ज्या रूपात गातात, त्या रूपात कारोलिन बाईंच्या गळ्याची मापे शिवलेली आहेत, हे विसरता येत नाही.

1862 मध्ये पॅरिसच्या नगररचनेत बुलव्हार द्यु ताँप्ल या रस्त्यावरची जुनी थिएटरे पाडली गेली आणि तेआत्र लिरिक सीन नदीकाठी, शातले चौकातल्या नव्या इमारतीत गेले. मधली दोन वर्षे बाहेर राहिलेला कार्वालो त्याच वर्षी परत आला. पुढच्या वर्षी सरकारने 100,000 फ्रँकचे वार्षिक अनुदान मंजूर केले. त्यामागची अपेक्षा अशी होती की, रोमला जाण्याची सरकारी शिष्यवृत्ती मिळवून आलेल्या तरुण संगीतकारांना त्याने संधी द्यावी. त्यातून 24 वर्षांच्या जॉर्ज बिझेला काम मिळाले आणि 30 सप्टेंबर 1863 रोजी 'मोती काढणारे' हा ऑपेरा आला. त्याची कथा आधी मेक्सिकोत घडणार होती, ती नंतर सिलोनला नेण्यात आली. म्हणून त्यात ब्रह्मदेवाची आळवणी आहे आणि नायिकेचे नाव मात्र लैला आहे. ऑपेराचे 18 प्रयोग झाले, वर्तमानपत्रांनी नाके मुरडली, आणि ज्या मोजक्या समीक्षकांनी त्यात गुण पाहिले त्यांत एक्तोर बर्लिओझ होता. पोटासाठी तीस वर्षे समीक्षा खरडून कंटाळलेल्या बर्लिओझचा तो शेवटचा लेख. शेवटचा अशासाठी की, पाचच आठवड्यांनी त्याच रंगमंचावर त्याचा स्वतःचा ऑपेरा लागला आणि त्याच्या मानधनावर त्याला ती नोकरी सोडता आली.

तो ऑपेरा म्हणजे 'ट्रॉयचे लोक', बर्लिओझच्या आयुष्याचे सार. कार्वालोच्या चरित्रात हा भाग मी पुन्हा पुन्हा वाचला, कारण इथे त्याची कात्री सगळ्यात जोरात चालली. पाच अंकांचा तो अवाढव्य ऑपेरा आपल्या थिएटरला पेलणार नाही हे लक्षात आल्यावर त्याने पहिले दोन अंक उडवले आणि उरलेल्या तिनांचे पुन्हा पाच करून 4 नोव्हेंबर 1863 रोजी 'कार्थेजमधील ट्रॉयचे लोक' या नावाने ते सादर केले. राजेशाही शिकार आणि वादळाचा जो प्रसंग निव्वळ वाद्यसंगीतातून उभा राहतो, त्यासाठी रंगमंचावर धबधब्याऐवजी रंगवलेला ओढा आला, आणि त्या प्रसंगाचे नेपथ्य हलवायला पहिल्या दिवशी 55 मिनिटे लागली. दुसऱ्या प्रयोगापासून तो प्रसंगच गळाला. बर्लिओझने आपल्या आठवणींत हे सगळे दात-ओठ खात लिहिले आहे. कार्वालो रोज काहीतरी नवे काढायचा, अमुक शब्दाला लोक हसतील म्हणून तो बदला, तमुक कडवे लांबते म्हणून ते काढा. एकदा तर त्याने ऑपेराच्या नायकाला, ट्रॉयच्या वीर ईनियसला, शिरस्त्राण घालू नये असा हट्ट धरला, कारण पॅरिसच्या चौकाचौकात पेन्सिली विकणारा मांजँ नावाचा एक फेरीवाला डोक्यावर शिरस्त्राण घालून फिरत असे आणि माडीवरचा प्रेक्षक ईनियसला पाहून "अरे, हा तर मांजँ!" म्हणून ओरडेल अशी त्याला धास्ती होती.

बर्लिओझचे वाचक या गोष्टीवर हसतात आणि कार्वालोला अरसिक ठरवतात. मला हसू आले, पण त्याच्या बाजूने. माडीवरच्या प्रेक्षकाला ओळखणारा माणूसच अशी धास्ती बाळगतो. आमच्या एका ऐतिहासिक एकांकिकेत सरदाराचा फेटा गावातल्या लोकप्रिय भेळवाल्याच्या फेट्यासारखा झाला होता, मूठ तलवारीवर ठेवून तो दरबारात आला मात्र, आणि मागच्या रांगेतून कुणीतरी "तिखट कमी टाका!" असे ओरडले. नंतरची वीस मिनिटे त्या दरबारात कुणाचेही गांभीर्य टिकले नाही. बर्लिओझचे दुःख खरे होते. त्या ऑपेराचे पहिले दोन अंक त्याला आयुष्यात रंगमंचावर पाहायला मिळाले नाहीत. 1869 मध्ये तो गेला, आणि संपूर्ण कृती दोन रात्रींत मिळून पहिल्यांदा उभी राहिली ती डिसेंबर 1890 मध्ये, जर्मनीतल्या कार्लस्रूहला. पण हेही खरे की, पॅरिसच्या थोरल्या ऑपेरागृहाच्या दाराशी वर्षानुवर्षे झिजलेल्या त्या माणसाचे काम, कापून का होईना, स्वतःच्या जोखमीवर 21 वेळा रंगमंचावर आणणारा पॅरिसमध्ये एकच जण निघाला. कात्री चालवायची की नाही, यापेक्षा ती कोणत्या हिशेबाने चालते हे मला महत्त्वाचे वाटते. कार्वालोचा हिशेब प्रेक्षकाच्या चेहऱ्यावर बेतलेला होता, आणि त्यात तो अनेकदा चुकला. तसा मीही चुकलो आहे, आणि आमच्या संस्थेचे लेखकमित्र या क्षणी याच कारणावरून माझ्याशी अबोला धरून आहेत.

पैशाचा हिशेब त्याला कधीच जमला नाही. 1867 च्या जागतिक प्रदर्शनाच्या हंगामात 'रोमेओ'ने थिएटर तुडुंब भरवले, त्या वर्षाच्या अखेरीस बिझेचा आणखी एक ऑपेरा त्याने काढला, एकाऐवजी दोन थिएटरे चालवण्याचा घाट घातला आणि 1868 मध्ये तो दिवाळखोर झाला. पुढे वोदविल या नाटकांच्या थिएटरात असताना आल्फाँस दोदेच्या 'आर्लेची मुलगी' या नाटकासाठी त्याने बिझेकडून पार्श्वसंगीत करून घेतले (1 ऑक्टोबर 1872). नाटक पडले. संगीताचे तुकडे मात्र महिनाभरानंतर मैफिलीत वाजले आणि आजतागायत वाजतात. ज्या गोष्टी लोकांच्या ओठी राहिल्या त्या कार्वालोच्या गल्ल्यात पडल्या नाहीत, असे त्याच्या बाबतीत वारंवार घडले.

1876 मध्ये त्याला ऑपेरा-कोमिकचे संचालकपद मिळाले. ज्या घरात तो दुय्यम गायक होता, त्याच घराचा आता तो प्रमुख झाला. पुढची 11 वर्षे ही त्याच्या कारकिर्दीचा कळस आहेत, आणि त्या काळाकडे पाहताना मला आपल्याकडचे पंचांगही समोर ठेवावेसे वाटते. 31 ऑक्टोबर 1880 रोजी पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांनी 'संगीत शाकुंतल'चे पहिले चार अंक रंगमंचावर आणले. त्याच महिन्याच्या 5 तारखेला पॅरिसमध्ये जाक ऑफेनबाख वारला, आणि त्याचा अपुरा राहिलेला 'हॉफमनच्या कथा' हा ऑपेरा दुसऱ्याकडून पूर्ण करून घेऊन कार्वालोने 10 फेब्रुवारी 1881 रोजी सादर केला. इथेही कात्री होतीच. व्हेनिसमध्ये घडणारा अख्खा अंक त्याने गाळला. त्यातले नावाड्यांचे गाणे तेवढे सोडवेना, म्हणून ते उचलून दुसऱ्या अंकात बसवले. मेलेल्या संगीतकाराला भांडता येत नाही. प्रयोगांनी त्याच वर्षात शंभरी गाठली.

1883 चा एप्रिल तर आमच्यासारख्या माणसाला दमवून टाकणारा आहे. 14 तारखेला 'लाक्मे', आणि आठवडाभराने, 21 तारखेला, 'कार्मेन'. बिझेचा 'कार्मेन' याच रंगमंचावर 3 मार्च 1875 रोजी आधीच्या संचालकांच्या काळात आला होता, कुटुंबवत्सल प्रेक्षकांना तो असभ्य वाटला होता, आणि तीन महिन्यांत बिझे 36 व्या वर्षी वारला होता. त्यानंतर तो सगळ्या युरोपात गाजला तरी पॅरिसमध्ये मात्र 1876 च्या फेब्रुवारीनंतर सात वर्षे लागला नाही. कार्वालोने तो परत आणला, पण भीतभीत, दुसरी गायिका घेऊन, धार बोथट करून. वर्तमानपत्रांनी त्याला धारेवर धरले आणि मग ऑक्टोबरात त्याने मूळ नायिका गाली-मारिए हिला बोलावून ऑपेरा मुळाप्रमाणे केला. धाडस आणि भित्रेपणा एकाच माणसात किती शेजारी शेजारी नांदतात याचा हा नमुना. 19 जानेवारी 1884 रोजी मासने या फ्रेंच संगीतकाराचा 'मानों' आला. पहिल्यांदा कार्वालोने रंगमंचावर आणलेल्या ऑपेरांपैकी 'फाउस्ट', 'मोती काढणारे', 'रोमेओ', 'हॉफमन', 'लाक्मे' आणि 'मानों' हे सहा आजही जगभर होतात. ही यादी एखाद्या मोठ्या संगीतकाराच्या नावावरही शोभली असती.

25 मे 1887 ची संध्याकाळ. 'मिन्यों' या आंब्रुआज तोमाच्या लाडक्या ऑपेराचा प्रयोग सुरू होता. पहिल्या अंकातच विंगेतल्या गॅसच्या ज्योतीने वर टांगलेल्या नेपथ्याच्या कापडाला पकडले. रंगवलेले कापड, लाकूड, दोर आणि गॅस. रंगमंचाच्या वरच्या भागात दाटीने टांगलेले डझनावारी पडदे. तास्कँ नावाचा गायक रंगमंचावरून लोकांना शांत राहायला सांगत होता, आणि खालच्या मजल्यावरचे बरेच लोक बाहेर पडले. वरच्या सज्ज्यांत, अरुंद जिन्यांत आणि रंगमंचाच्या मागच्या खोल्यांत माणसे अडकली. सर्वसाधारणपणे मृतांचा आकडा 84 दिला जातो, आणि त्यांतले पुष्कळसे धुराने गुदमरून गेले. याच जागेवरचे आधीचे नाट्यगृह 1838 मध्ये आगीतच गेले होते. साडेपाच वर्षांपूर्वी, 8 डिसेंबर 1881 रोजी, व्हिएन्नाचे रिंग थिएटर 'हॉफमनच्या कथा'च्या दुसऱ्याच प्रयोगाला पेटले होते आणि शेकडो लोक मेले होते. त्यामुळे त्या ऑपेराला अपशकुनी म्हणू लागले, आणि आता पॅरिसच्या आगीत त्याची स्वरलेखनाची कागदपत्रेही जळाली. अपशकुनाची गोष्ट चवीने सांगितली जाते. त्याहून चटका लावणारी गोष्ट अशी की, आगीच्या जेमतेम दोन आठवडे आधी फ्रान्सच्या प्रतिनिधिगृहात याच नाट्यगृहाच्या धोक्यावर प्रश्न विचारला गेला होता आणि मंत्र्यांनी तो धोका नाकारला नव्हता.

हे वाचले तेव्हा मी काही वेळ मोबाईल उपडा ठेवला. काही वर्षांपूर्वी एका सभागृहात आमचा प्रयोग होता आणि बाजूच्या दारातून फुकटे प्रेक्षक घुसतात अशी दरवर्षीची तक्रार होती. "सर, त्या दाराला कुलूप घाला, पोरं लई घुसायलेत," असे आमच्या तिकीटवाल्या मुलाने म्हटले आणि मी घातले. कुलूप मी आणले होते आणि किल्ली माझ्या शर्टाच्या खिशात होती. दुसऱ्या अंकात एका हॅलोजनला लागून असलेल्या झालरीतून धूर निघाला; पडदा ओढणाऱ्या गड्याने पिण्याच्या पाण्याच्या माठाखालचे ओले पोते तिच्यावर मारले आणि मिनिटभरात सगळे शांत झाले. पुढच्या रांगांना तो धुराचा इफेक्ट वाटला, आणि एका परीक्षकांनी नंतर त्याचे कौतुकही केले. मी त्या वेळी रस्त्यापलीकडच्या हॉटेलात चहा पीत होतो. सभागृहात तीनशे माणसे होती, दाराला माझे कुलूप होते आणि किल्ली माझ्याबरोबर चहा प्यायला आली होती. ही गोष्ट मी आजवर संस्थेत कुणालाही सांगितलेली नाही. 8 ऑगस्ट 2024 च्या रात्री कोल्हापूरचे केशवराव भोसले नाट्यगृह जळताना दूरदर्शनवर पाहिले, तेव्हा सगळ्यांसारखे माझेही डोळे भरून आले. माणसे आत नव्हती हे ऐकल्यावर जो सुस्कारा सोडला, त्याचे कारण मात्र मला एकट्यालाच ठाऊक होते.

कार्वालोवर खटला झाला. निष्काळजीपणाबद्दल त्याला 3 महिन्यांचा तुरुंगवास आणि 200 फ्रँक दंड अशी शिक्षा सुनावली गेली. अपिलात, 1888 च्या मार्चमध्ये, तो निर्दोष सुटला. इमारत सरकारची, गॅस सगळ्याच थिएटरांत, धोका संसदेला माहीत, असे त्याच्या बाजूने म्हणता येते आणि ते खोटे नाही. पण ईनियसच्या शिरस्त्राणावरून लोक हसतील का याचा जो माणूस रात्र-रात्र विचार करत होता, त्याच्या नजरेचा रोख कायम रंगमंचाकडून प्रेक्षागृहाकडे होता. वर टांगलेल्या कापडांकडे आणि जिन्यांच्या रुंदीकडे ती नजर तितक्या चिकाटीने वळली नाही. अपिलाच्या न्यायाधीशांनी त्याला सोडले हे योग्यच झाले असे मला वाटते. मी त्या जागी असतो तर मीही सोडले असते, आणि माझ्या त्या मताला किती किंमत द्यायची हे वर लिहिलेल्या कुलुपावरून वाचकांनी ठरवावे.

मासनेने आपल्या आठवणींत एक प्रसंग दिला आहे. 'वेर्थर' हा नवा ऑपेरा त्याने कार्वालोला वाजवून दाखवला आणि तो फारच उदास आहे म्हणून कार्वालोने नाकारला. दुसऱ्या दिवशी मासने तिथे गेला तर नाट्यगृहाच्या जागी राखरांगोळी होती. 'वेर्थर' मग फेब्रुवारी 1892 मध्ये व्हिएन्नाला आधी झाला. पण तोपर्यंत, मार्च 1891 मध्ये, कार्वालोला पुन्हा ऑपेरा-कोमिकचे संचालकपद मिळाले होते, आणि 16 जानेवारी 1893 रोजी तोच उदास ऑपेरा त्याने स्वतः पॅरिसला दाखवला. एप्रिल 1894 मध्ये ऐंशीचा उंबरठा ओलांडलेला इटालियन संगीतकार व्हेर्दी आपला 'फाल्स्टाफ' पाहायला त्याच्याकडे आला. ज्या व्हेर्दीच्या 'मॅकबेथ'ची सुधारलेली आवृत्ती त्याने 1865 मध्ये पहिल्यांदा काढली होती, तोच हा व्हेर्दी. आणि हे सगळे घडत होते ते शातले चौकातल्या त्या जुन्या इमारतीत, जिथे बर्लिओझशी त्याची भांडणे झाली होती आणि जिथून तो दिवाळखोर होऊन बाहेर पडला होता. जळालेले घर पुन्हा बांधून होईपर्यंत ऑपेरा-कोमिकचा मुक्काम तिथेच हलवण्यात आला होता.

कारोलिन बाई 1895 मध्ये गेल्या. जळालेल्या जागेवरचे तिसरे नाट्यगृह 7 डिसेंबर 1898 रोजी राष्ट्राध्यक्षांच्या हस्ते उघडले आणि पहिल्या दिवसापासून तिथे विजेचे दिवे होते. संचालकाच्या खुर्चीत त्या दिवशी आल्बेर कारे बसला होता. कार्वालो पदावर असतानाच, उद्घाटनाला साधारण अकरा महिने उरले असताना, 29 डिसेंबर 1897 रोजी वारला.